उरलेलं बियाणं

सोयाबीनच्या बियाण्याची थैली पूर्वी तीस किलोची येई आणि एका एकराला तीस किलो बियाणं लागे. एक थैली, एक एकर. उमरेडच्या बाजारात कृषी केंद्राच्या पायरीवर बसलेल्या कोणालाही विचारलं तरी हा हिशेब तोंडपाठ असे. 1998 च्या मृगात माझ्या भाच्यानं दोन एकरांसाठी दोन थैल्या नेल्या आणि पेरणी आटोपल्यावर आठ-नऊ किलो बियाणं शिल्लक राहिलं. पुढल्या वर्षी तेच झालं. तो माझ्याकडे आला आणि ओसरीवर बसून म्हणाला, "मामा, बियानं उरते जी. दोन्ही वर्सं उरलं."

ते दोन एकर मी मोजून दिले होते.

मी त्याला सांगितलं की तुझी तिफण विरळ पेरते आहे, दाणा पडण्याची चाळ बदल. माझ्या मोजणीत काही चुकलं असेल, हा विचार मनाला शिवलासुद्धा नाही. कारण ती मोजणी मी सूत्रानं केली होती, आणि सूत्र ब्रह्मगुप्ताचं होतं.

मी उमरेडच्या एका कनिष्ठ महाविद्यालयात अठ्ठावीस वर्षं गणित शिकवलं. आमचं घर विणकराचं. उमरेडची रेशीमकाठी धोतरं एकेकाळी नावाजलेली होती, वडील तीच विणत. त्या घरातून एम.एस्सी. झालेला मी पहिला. शिकत असताना इतवारी-नागभीड या छोट्या गाडीनं जाणं-येणं होई. ती गाडी आता राहिली नाही, 2019 मध्ये रुंदीकरणासाठी बंद झाली. पण तिच्या लाकडी बाकांवर मी जितकं वाचलं तितकं घरी कधी वाचलं नाही. सीताबर्डीच्या फुटपाथवर जुनी पुस्तकं मिळत. मॉस्कोच्या मीर प्रकाशनाचं पिस्कुनोव्हचं कॅलक्युलस मी तिथंच घेतलं. कापडी बांधणी, जाड कागद, आणि किंमत माझ्यासारख्याला परवडेल अशी. पुढं वॉल्टर रुडिनचं विश्लेषणावरचं पुस्तक हाती आलं. त्याचं एकेक पान मला आठवडा-आठवडा पुरे. त्या पुस्तकांनी मला जे दिलं त्याचं मोल मी आजही कमी मानत नाही. चूक त्यांच्याकडून झाली नाही. मी ती ज्या रीतीनं वाचली, तिथं चूक होती.

मी निष्कर्ष वाचत होतो. प्रमेयाच्या सुरुवातीला असलेलं 'जर' मी उंबरठ्यासारखं ओलांडायचो. नजर आत 'तर' कडे लागलेली असे. फलन बंद अंतरालावर अखंड असेल, खुल्या अंतरालावर विकलनीय असेल, दोन्ही टोकांची किंमत सारखी असेल, तर. बारावीच्या मुलांना रोलचं प्रमेय शिकवताना मी याच तीन अटींवर बोट ठेवायचो आणि एखाद्यानं त्या न पडताळता उत्तर काढलं तर अर्धा गुण कापायचो. किती मुलांचे असे अर्धे गुण मी कापले असतील! मला ती परीक्षेची शिस्त वाटे. वावरात उभं राहिल्यावरही ती लागते, हे मला कळलं नव्हतं.

वावर आणि गणित या दोन गोष्टी माझ्या मनात फार लांब होत्या, आणि ते अंतर मी स्वतः राखून ठेवलं होतं. 'सर, याचा उपयोग काय?' असं एखाद्या पोरानं विचारलं की मला राग येई. जी. एच. हार्डी या इंग्रज गणितज्ञानं 1940 मध्ये 'अ मॅथेमॅटिशियन्स अपॉलॉजी' हे छोटं पुस्तक लिहिलं. खरं गणित व्यवहाराच्या कामाचं नसतं, आणि त्यात त्याला कमीपणा वाटत नाही, असा त्याचा सूर आहे. मी तो सूर वर्गात हत्यारासारखा वापरला. शेतकऱ्यांच्या, खाणीत कामाला जाणाऱ्या माणसांच्या पोरांना मी सांगितलं की उपयोग विचारणं हे लहान मनाचं लक्षण आहे. मंगला नारळीकरांचं 'गणितगप्पा' कोणीतरी मला भेट दिलं होतं, ते मी मुलांचं पुस्तक म्हणून न उघडता फडताळात ठेवलं. या दोन गोष्टींची लाज मला मोजणीच्या चुकीइतकीच वाटते.

आता ती मोजणी.

मकरधोकड्याकडे जाणाऱ्या रस्त्यापासून आत, एका नाल्याच्या काठाला आमच्या ओळखीतल्या एका काकूंची जमीन होती. मुलं नोकरीला बाहेरगावी. त्या जमिनीचा नाल्यापलीकडचा तुकडा भाच्यानं मक्त्यानं करायचा ठरवला, एकरी दीड हजार. सातबाऱ्यावर पूर्ण गटाचं क्षेत्र होतं. नाल्यापलीकडे किती येतं ते कुठं लिहिलेलं नव्हतं. काकू म्हणाल्या, "गुरुजी मोजतील ते मला मान्य." भाचा म्हणाला, मामा मोजतील तर प्रश्नच मिटला. दोघांचा विश्वास होता, आणि मला तो आवडला होता.

एका सकाळी आम्ही टेप घेऊन गेलो. तुकड्याला चार धुरे. रस्त्याकडचा 130 मीटर, त्याला लागून 80, नाल्याकडचा 110, आणि चौथा 60. आकडे मी पूर्ण मीटरात घेतले. चारही बाजू झाल्या तेव्हा भाचा टेपचं टोक धरून कोपऱ्यावर उभा होता. समोरच्या कोपऱ्याकडे बोट दाखवत तो म्हणाला, "मामा, मंधातूनबी घ्याचा का टेप?" मधे वखरलेली ओली माती होती, चिखल चपलेला धरत होता. मी म्हटलं, गरज नाही.

त्या दोन शब्दांवर मी पुष्कळ वर्षं विचार केला आहे.

घरी येऊन मी सूत्र मांडलं. चार बाजूंची बेरीज 380, तिचं अर्ध 190. त्यातून प्रत्येक बाजू वजा केली की उरतात 60, 110, 80 आणि 130. या चारांचा गुणाकार करून वर्गमूळ घेतलं, ते आलं साधारण 8,285. म्हणजे 8,285 चौरस मीटर, पावणेत्र्याऐंशी आरच्या थोडं वर, दोन एकरांहून किंचित जास्त. मग पडताळा म्हणून जुन्या लोकांची रीत लावली. समोरासमोरच्या बाजूंची सरासरी काढायची आणि दोन सरासऱ्यांचा गुणाकार करायचा. 120 गुणिले 70, म्हणजे 8,400. दोन वेगळ्या वाटांनी गेलो आणि दोन्ही उत्तरं शेजारी-शेजारी आली. माझी खात्री पटली. काकूंना आणि भाच्याला मी सांगितलं, दोन एकर धरा, वरचं सोडून द्या. वरचं सोडायला लावलं यात मला न्यायसुद्धा वाटला.

दोन्ही वाटा चुकीच्या होत्या, आणि एकाच बाजूला चुकीच्या होत्या. ब्रह्मगुप्तानं इ.स. 628 च्या 'ब्राह्मस्फुटसिद्धान्ता'त सरासरीची रीत स्थूल म्हणून दिली आहे आणि वर्गमूळाची रीत सूक्ष्म म्हणून. पण ती सूक्ष्म रीत खरी ठरते ती फक्त चारही कोपरे एका वर्तुळावर बसणाऱ्या चौकोनाला. बाकी कोणत्याही चौकोनाला ती जास्तच क्षेत्रफळ दाखवते, कमी कधीच नाही. त्या चार धुऱ्यांच्या लांबीत जास्तीत जास्त जेवढी जमीन मावू शकली असती, तेवढी मी भाच्याच्या नावावर लावून दिली होती. सरासरीची रीत तर त्याच्याही पुढं जाते. दोन उत्तरं जुळली म्हणून मी जे समाधान मानलं, ते दोन फुगवलेल्या आकड्यांनी एकमेकांना दिलेलं समाधान होतं.

सुतार हे जाणतो. दाराची चौकट करून घरी पोचवताना तो तिला एक तिरपी पट्टी ठोकतो. ती काढली तर चारही लाकडं तेवढ्याच लांबीची राहतात आणि तरी चौकट कलंडते, आतली जागा कमी होत जाते. चार बाजू ठरल्या म्हणून आकार ठरत नाही. पाचवं माप लागतं. भाचा चिखलाकडे बोट दाखवून तेच माप मागत होता.

2000 साली त्यानं माझं ऐकून तिफणीची चाळ बदलली. त्या वर्षी बियाणं उरलं नाही. तो येऊन तसं म्हणाला तेव्हा मी म्हटलं, बघ, तिफणीचाच दोष होता. सोयाबीन दाट पेरलं की झाडं उंच वाढतात, एकमेकांची हवा अडवतात, आणि जोराचा पाऊस आला की लोळतात. त्याचं तेच झालं. आदल्या दोन वर्षी साधारण अकरा क्विंटल माल झाला होता, त्या वर्षी नऊही भरला नाही. पुढल्या वर्षी त्यानं चाळ पुन्हा पूर्वीसारखी केली, पुन्हा बियाणं उरलं, आणि यावेळी तो मला सांगायला आला नाही. मला वाटलं, त्याचं सुरळीत चाललं आहे.

तो काय हिशेब करत होता ते मला नंतर कळलं. अकरा क्विंटल भागिले दोन एकर म्हणजे एकरी साडेपाच. शेजारच्या धुऱ्यावरचा माणूस एकरी साडेसहा काढायचा. माती तीच, नाला तोच, बियाणं त्याच दुकानातलं. भाच्यानं त्यातून एकच अर्थ काढला, की आपल्याला शेती जमत नाही. म्हणून त्यानं खत वाढवलं, फवारणी वाढवली, रात्री-अपरात्री वावरात जाऊन बसायला लागला. खरं क्षेत्र धरून भागलं असतं तर त्याचं उत्पन्न शेजाऱ्याइतकंच होतं. भागाकारातला खालचा आकडा मी दिला होता.

याच्यापुढची चूक सांगायला मला सगळ्यात कठीण जातं, कारण ती अज्ञानातून झाली नाही.

2002 च्या मार्चमध्ये मी ना. ह. फडके यांचं 'लीलावती पुनर्दर्शन' वाचायला घेतलं. भास्कराचार्यांची लीलावती 1150 ची. आपल्या मुलखाशी त्यांचं नातं जवळचं आहे. चाळीसगावजवळच्या पाटणला त्यांच्या नातवानं, चांगदेवानं, त्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढल्याचा शिलालेख आहे. आणि नागपुरात मराठी शाळेत शिकलेल्या बापूदेव शास्त्रींनी लीलावती आणि बीजगणित इथंच धुंडिराज मिश्रांकडे गिरवलं, मग ते काशीला मोठे पंडित झाले. हे सगळं मला ठाऊक होतं, अभिमानानं सांगतही असे. पण लीलावती मी कधी नीट वाचली नव्हती. व्याज, मिश्रण, कमळं आणि भुंगे यांची गणितं, एवढंच मनात होतं. रुडिन वाचणाऱ्या माणसानं त्यात काय शोधायचं?

क्षेत्रव्यवहाराच्या प्रकरणात भास्कराचार्य चार बाजूंच्या त्याच सूत्राकडे येतात. त्रिकोणाला ते बरोबर आहे, चौकोनाला मात्र अस्फुट आहे, असं सांगतात. त्याच चार बाजू असल्या तरी कर्ण बदलला की क्षेत्रफळ बदलतं, मग कर्ण किंवा लंब न सांगता क्षेत्रफळ ठराविक कसं असेल, असा त्यांचा रोकडा प्रश्न आहे. आणि मग ते चिडतात. कर्ण वा लंब न देता जो चौकोनाचं क्षेत्रफळ विचारतो त्याला ते पिशाच म्हणतात, आणि जो उत्तर देतो तो त्याहून मोठा पिशाच.

रात्रीचे दहा-साडेदहा झाले असतील. मी पुस्तक मिटलं नाही, तसंच मांडीवर ठेवून बसलो. काकूंनी विचारलं होतं, मी उत्तर दिलं होतं. साडेआठशे वर्षांपूर्वी एका माणसानं माझं वर्णन करून ठेवलं होतं.

दुसऱ्या दिवशी सायकल काढून मी जाऊ शकलो असतो. मार्चमध्ये वावर मोकळं होतं, चिखल नव्हता, टेप घरात होता. एक कर्ण मोजायला दहा मिनिटं लागली असती. मी गेलो नाही. मी स्वतःला सांगितलं की तुकडा बहुतेक वर्तुळात बसण्याच्या जवळपास असेल, फरक किरकोळ असेल. मग परीक्षा आल्या, मग पेपर तपासणी. जूनमध्ये भाच्यानं दोन एकरांचा मक्ता भरला, मी तिथं हजर होतो. 2003 मध्येही भरला. दोन वर्षं मी त्या रस्त्यानं जायचं टाळलं. लोकांनी मला चुकीचा म्हणावं ही भीती तर होतीच, पण त्याहून आत काहीतरी होतं. गणितामुळं या गावात माझी जी जागा होती ती मला हवी होती, आणि त्या जागेसाठी मी माझ्याच बहिणीच्या मुलाला खोट्या आकड्यावर राबू दिलं.

2004 च्या एप्रिलमध्ये काकूंच्या मुलांनी सरकारी मोजणी मागवली. भूकरमापक आले. मी धुऱ्यावर उभा होतो. त्यांनी प्लेन टेबल मांडलं, कागद ताणला, आणि पडताळ्यासाठी दोन माणसांना साखळी घेऊन कोनातून कोनात धाडलं. कोणाला काही विचारलं नाही, त्यात विचारण्यासारखं काही नव्हतंच. कर्ण 100 मीटरच्या आसपास भरला. मी तिथंच खिशातल्या कागदावर दोन त्रिकोण केले. 130, 80 आणि 100 चा एक, त्याचं क्षेत्रफळ 3,998. 110, 60 आणि 100 चा दुसरा, 2,976. बेरीज 6,974. सत्तर आरही नाहीत. पावणेदोन एकरांच्याही आत. माझ्या आकड्यात तेरा आर जास्त होते, जवळजवळ तेरा गुंठे.

भाचा माझ्या खांद्यावरून कागद बघत होता. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "म्हंजे बियानं म्हनून उरत होतं." आणि थोड्या वेळानं, नाल्याकडे बघत, "मले वाटे, मलेच जमत नाई."

त्याच संध्याकाळी मी त्याच्या घरी गेलो आणि लीलावतीची गोष्ट सांगितली. कधी वाचलं, काय कळलं, आणि त्यानंतर मी काय केलं नाही. बहीण चहा करत होती, ती थांबली. भाच्यानं एवढंच विचारलं, "दोन वर्सापासून मालूम होतं तुमाले?" मी हो म्हटलं.

जास्तीचा मक्ता वर्षाला चारशेवीस रुपये होत होता, सहा हंगामांचे 2,520. काकूंनी घेतलेले पैसे माझ्या शब्दावर घेतले होते, त्यांच्याकडून परत मागणं मला पटलं नाही. मी माझ्या पगारातले आणले होते. भाच्यानं ते मोजले, त्यातले 840 वेगळे काढले आणि बाकीचे माझ्यापुढं सरकवले. पहिल्या चार वर्षांचे तो घेणार नव्हता. तेव्हा तुम्हाला ठाऊक नव्हतं, म्हणाला. शेवटच्या दोन हंगामांचे घेतले.

लोळलेल्या सोयाबीनचा हिशेब आमच्यात कधी झाला नाही. त्याचा आकडा कसा काढायचा, हे मला आजही सांगता येणार नाही.

त्यानंतर मी फडताळातली पुस्तकं पुन्हा पहिल्यापासून वाचली. पिस्कुनोव्ह, रुडिन, आणि 'गणितगप्पा'सुद्धा. यावेळी 'जर' वर थांबत वाचली. प्रत्येक अटीपाशी विचारत गेलो, ही नसेल तर काय कोसळतं? वाचनाचा वेग निम्म्यावर आला. पण उच्च गणित रोजच्या जगण्यात कुठं असतं, हे मला त्या अटींमध्ये दिसायला लागलं. उत्तरं बऱ्याचदा सुताराला आणि गवंड्यालाही ठाऊक असतात. कोणतं उत्तर कुठपर्यंत खरं आहे, हे मात्र प्रमेयाच्या पहिल्या ओळीत लिहिलेलं असतं.

त्याच काळात एका रविवारी मी हिंगणघाटला गेलो. विल्यम लॅम्बटनची कबर तिथं आहे. यानं 1802 मध्ये मद्रासला पायारेषा मोजून हिंदुस्थानाची त्रिकोणमितीय मोजणी सुरू केली, वीस वर्षं तो अर्ध्या टनाचा थिओडोलाइट घेऊन उत्तरेकडे सरकत राहिला, आणि हैदराबादहून नागपूरकडे येताना जानेवारी 1823 मध्ये हिंगणघाटला वारला. ते काम पुढं हिमालयापर्यंत गेलं. नागपुरातल्या झिरो माईलचा दगड त्याच मोजणीचा. एवढा मोठा देश त्यांनी त्रिकोणांनी मोजला, चौकोनांनी नाही. तीन बाजू ठरल्या की त्रिकोण हलत नाही, हे कारण. पण लॅम्बटनच्या त्रिकोणाच्या बाजू कित्येक कोसांच्या होत्या, आणि एवढ्या मोठ्या त्रिकोणाखाली जमीन सपाट राहत नाही. पृथ्वीच्या गोलाईमुळं तीन कोनांची बेरीज 180 अंशांपेक्षा वाढते, साधारण दर 196 चौरस किलोमीटरला एक विकला, म्हणजे एका अंशाचा 3,600 वा भाग. शाळेतलं प्रमेय 'सपाट पृष्ठभागावर' या अटीनं सुरू होतं. लॅम्बटननं ती अट वाचली होती आणि प्रत्येक मोठ्या त्रिकोणात तेवढी दुरुस्ती केली होती. त्या कबरीपाशी मला भाच्याचं वावर आठवलं. तिथं पृथ्वीच्या गोलाईची काही गरज नव्हती, एका कर्णाची होती.

हे सगळं कळल्यावर माझ्या चुका थांबल्या, असं मात्र झालं नाही.

विदर्भात सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक आजार बराच आहे. 2008 च्या सुमारास आमच्याकडे तपासणी शिबिर होतं आणि मला मुलांना आकडे समजावायला सांगितलं होतं. योगायोग असा की यातलं मूळ गणित हार्डीचंच आहे. त्यानं 1908 मध्ये एक लहानसं पत्र लिहून ते मांडलं. उपयोगाचं काहीही केलं नाही असं म्हणणाऱ्या माणसाचं ते काम आज दवाखान्यात वापरलं जातं, हे मी हार्डीचा दाखला देऊन ज्यांना गप्प केलं त्या पोरांना सांगायला हवं होतं. ती पोरं तेव्हा गाव सोडून गेली होती. तर मी फळ्यावर मांडलं. शंभरात दोघांना आजार असेल तर सदोष जनुकाचं प्रमाण दोन शतांशांचं वर्गमूळ, म्हणजे 0.14, आणि त्यावरून वाहक, म्हणजे स्वतः आजारी नसून एक सदोष जनुक बाळगणारे, शंभरात चोवीस. मागच्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली. ती म्हणाली, "सर, पण लग्नं तर आपापल्या जातीतच होतात ना?"

हार्डीच्या पत्रातली अट तीच आहे, जोड्या कोणत्याही भेदाविना जुळतात असं धरलेलं आहे. मी ती अट फळ्यावर लिहिलीच नव्हती. त्या मुलीसमोरच मी पुन्हा मांडून पाहिलं. समजा दोन सारखे समाज आहेत, एकात शंभरात चार रुग्ण, दुसऱ्यात एकही नाही, आणि लग्नं आपापल्यात. मिळून आजार शंभरात दोनच. पण पहिल्या समाजात वाहक बत्तीस, दुसऱ्यात शून्य, एकूण शंभरात सोळा. माझे चोवीस चुकले, आणि त्याहून वाईट म्हणजे ते सगळ्यांत सारखे वाटले गेले. ज्या घरांनी तपासणी आधी करून घ्यायला हवी ती घरं त्या सरासरीत दिसेनाशी झाली. मी फळा पुसला आणि सगळ्या वर्गासमोर सांगितलं की तिचं बरोबर आहे. चार वर्षांपूर्वी धुऱ्यावर जे घडलं ते घडलं नसतं तर मी तिला बसायला सांगितलं असतं, हे मला पक्कं ठाऊक आहे.

भाच्यानं त्यानंतर वावराचं मला कधी काही विचारलं नाही. रागावला नव्हता. सणावाराला येई, पाया पडे, मुलाच्या शिक्षणाचं विचारी. मोजमापाचा विषय तेवढा निघत नसे. पुढं त्यानं भिवापूरच्या बाजूला स्वतःची थोडी जमीन घेतली. रजिस्ट्रीच्या आधी त्यानं दोन्ही कर्ण स्वतः मोजल्याचं मला बहिणीकडून कळलं.

मग 'मागेल त्याला शेततळे' योजना आली. 2017 च्या उन्हाळ्यात त्यानं तळं खणलं, वर तीस बाय तीस मीटर, तळाशी चोवीस बाय चोवीस, खोली तीन. मशीनवाला वरच्या आणि खालच्या क्षेत्राची सरासरी काढून खोलीनं गुणत होता आणि 2,214 घनमीटर सांगत होता. एका संध्याकाळी भाचा कागद घेऊन आला आणि तेरा वर्षांनी त्यानं तसला प्रश्न विचारला. "मामा, हे बराबर हाय का?"

मी मनातल्या मनात मांडलं. चारही बाजूंचा उतार सारखा असेल तर मधल्या उंचीवर सत्तावीस बाय सत्तावीस येतं. वरचं 900, मधल्या 729 ची चौपट, खालचं 576, या सगळ्यांची बेरीज भागिले सहा, गुणिले तीन. 2,196 घनमीटर. मशीनवाल्याच्या आणि माझ्या आकड्यात अठराचा फरक, शंभरात एकाहूनही कमी. म्हणजे त्याची रीत इथं चालण्यासारखी होती. पूर्वी मी तिला नाक मुरडलं असतं. उत्तर ओठांवर आलं होतं.

मी विचारलं, "उतार चारी बाजूंनी सारखा आहे का?"

तो थोडा थांबला. "तीन बाजूनं हाय. नाल्याकडं माती सुटली, तिकडं आत घसरली."

"मग आकडा आत्ता सांगता येणार नाही," मी म्हटलं. "ती बाजू मोजावी लागेल."

भाच्यानं माझ्याकडे बघितलं. मग उठून खुंटीवरचा टेप काढला.